मध्ययुगीन युरोपात किल्ला नेमका कशासाठी होता?

१०८६ साली इंग्लंडचा राजा विलियम यानं आपल्या राज्याची मोजदाद करवली. कुणाकडे किती जमीन, किती नांगर, किती गिरण्या, वर्षाचा वसूल किती, सगळं गावोगाव विचारून लिहून घेतलं. ते दप्तर ‘डूम्सडे बुक’ या नावानं आजही शाबूत आहे. त्यात लिंकन शहराच्या नोंदीत एक कोरडी ओळ आहे: किल्ल्यापायी १६६ घरं गेली. नॉरिचच्या नोंदीत असाच आकडा येतो, ९८. यॉर्क शहराचे सात विभाग होते, त्यातला एक अख्खा विभाग किल्ल्यांसाठी उजाड केला गेला.

त्या घरांतली माणसं कुठे गेली ते दप्तरात नाही. घरांचा वसूल बुडाला म्हणून त्यांची नोंद झाली, एवढंच. तरीही युरोपातला मध्ययुगीन किल्ला समजून घ्यायचा तर सुरुवात या ओळीपासून करावी असं मला वाटतं. किल्ला म्हटलं की आपल्याला वेढा आठवतो, तटाला लावलेल्या शिड्या आठवतात, परमुलखातून चालून आलेली फौज आठवते. लिंकनचा किल्ला उभा राहिला तो शहराच्या जुन्या रोमन तटाच्या आत, चढावरची मोक्याची जागा धरून. त्याची नजर शहरावरच होती. लढाई हे अशा किल्ल्याच्या आयुष्यात क्वचित निघणारं काम. उरलेले सगळे दिवस तिथून राज्य चालायचं.

राजा लांब, दांडगा जवळ

किल्ल्यांची ही पद्धत इंग्लंडात जन्मली नाही, ती आली फ्रान्समधून. नवव्या शतकात शार्लमेन या फ्रँक सम्राटाचं मोठं साम्राज्य त्याच्या नातवांच्या भांडणात वाटलं गेलं. त्याच सुमारास उत्तरेकडून व्हायकिंग टोळ्या होड्यांनी नद्यांवाटे आत शिरून मठ आणि गावं लुटत होत्या. पुढे पूर्वेकडून मग्यार घोडेस्वारांच्या धाडी सुरू झाल्या. राजाची फौज गोळा होऊन येईपर्यंत गाव जळून गेलेलं असायचं. अशा वेळी माणूस कुणाच्या आसऱ्याला जाणार? जवळच्या दांडग्याच्या. ज्याच्याकडे चार घोडेस्वार आणि लाकडी कुंपणानं वेढलेली जागा आहे, त्याच्या.

राजांना यातला धोका लवकर कळला होता. ८६४ साली फ्रँक लोकांचा राजा चार्ल्स यानं पीत्र इथून फर्मान काढलं की आपल्या परवानगीवाचून बांधलेली सगळी ठाणी पाडून टाकावीत, कारण ती आसपासच्या लोकांना लुटायला वापरली जात आहेत. फर्मान निघालं, पण ते बजावणारा हात दुबळा होता. पुढच्या दीडशे वर्षांत किल्ले वाढतच गेले. लुआर नदीच्या खोऱ्यात आंजूचा सरदार फुल्क नेरा यानं ९८७ ते १०४० एवढ्या दीर्घ कारकिर्दीत किल्ल्यांची माळच ओवली आणि किल्ल्यामागून किल्ला बांधत शेजाऱ्यांचा मुलूख गिळला.

इथे मराठी वाचकाची थोडी गफलत होऊ शकते. शिवाजी महाराजांच्या काळातला गड स्वराज्याचा असे. हवालदार, सरनोबत आणि सबनीस यांच्यात कारभार वाटलेला, म्हणजे एकट्या कुणाला गड परस्पर देऊन टाकता येऊ नये. युरोपातला किल्ला बहुतेक वेळा एका घराण्याची मालमत्ता असे. सरदाराचं कुटुंब तिथे राही, त्याचा मुलगा तो वारशानं घेई, मुलगी लग्नात नेई. राजाचेही किल्ले होते, पण त्यांच्या शेजारी शेकडो खासगी किल्ले उभे होते. मध्ययुगीन युरोपाचं निम्मं राजकारण या एका गोष्टीतून निघतं: ज्याच्या घराला तट आहे त्याला राजाचा हुकूम लगेच मानावा लागत नाही.

म्हणूनच राजे बलवान झाले तेव्हा त्यांनी पहिला हात किल्ल्यांवर टाकला. इंग्लंडात तटाला दंतुर कंगोरे चढवायला राजाचा परवाना लागू लागला. दुसऱ्या हेन्रीनं बंडखोर सरदारांचे किल्ले पाडले किंवा ताब्यात घेतले.

आता पुन्हा विलियमकडे. तो मुळात उत्तर फ्रान्समधल्या नॉर्मंडीचा सरदार. सप्टेंबर १०६६ मध्ये तो इंग्लंड जिंकायला तिथून किनाऱ्यावर उतरला आणि लढाईच्या आधीच त्यानं पेव्हन्सी आणि हेस्टिंग्ज इथे किल्ले उभारायला घेतले. बायू इथे जपलेल्या भरतकामाच्या लांबलचक पट्टीवर हेस्टिंग्जचं काम दाखवलं आहे. मजूर फावड्यांनी माती ओढून उंचवटा रचताहेत, एक मुकादम हात करून हुकूम देतोय, आणि दोन मजूर चक्क फावड्यांनी एकमेकांच्या डोक्यात घालताहेत. त्या पट्टीवर राजे आणि सरदार पुष्कळ आहेत, पण मला ती दोन माणसं जास्त खरी वाटतात.

या पद्धतीला ‘मॉट आणि बेली’ म्हणतात. मॉट म्हणजे मातीचा रचलेला टेकाड, वर लाकडी मनोरा. बेली म्हणजे पायथ्याचं आवार, भोवती खंदक आणि लाकडी कठडा, आत तबेला, स्वयंपाकघर, कोठार, लोहाराची भट्टी. दगड लागत नाही, कुशल गवंडी लागत नाही. माती जागेवर मिळते, लाकूड जवळच्या रानात मिळतं आणि हात वेठीला धरलेल्या गावकऱ्यांचे. काही आठवड्यांत ठाणं तयार. नॉर्मन काही हजार होते आणि इंग्रज प्रजा वीस लाखांच्या घरात असावी. एवढ्याशा माणसांनी एवढा मुलूख कसा धरला, याचं उत्तर त्या काळचा इतिहासकार ऑर्डरिक व्हायटलिस यानंच देऊन ठेवलं आहे: इंग्रज शूर आणि लढवय्ये होते, पण त्यांच्या देशात किल्ले फार थोडे होते, म्हणून त्यांचा प्रतिकार टिकला नाही.

जिथे टिकून राहायचं तिथे मग दगड आला. लंडनच्या व्हाइट टॉवरचं काम १०७०च्या दशकात सुरू झालं, देखरेख रॉचेस्टरचा बिशप गंडल्फ याची. उंची २७ मीटर. त्यासाठी लागलेला फिका घडीव दगड नॉर्मंडीतल्या काँ इथून जहाजांनी आणला होता. नदीकाठच्या बुटक्या लाकडी घरांच्या शहरात ती इमारत काय दिसत असेल याची कल्पना करावी. पुढे तिसऱ्या हेन्रीनं ती चुन्यानं पांढरी करून घेतली, म्हणून तिचं हे नाव.

दिवसभर काय चालायचं?

तहसील कचेरी, कोर्ट, तुरुंग, धान्याचं कोठार आणि पाटलाचा वाडा हे सगळं एकाच तटाच्या आत आणलं तर जे होईल, तो साधारण युरोपातला किल्ला.

सगळ्यात मोठी जागा म्हणजे दरबाराचा दिवाणखाना, ‘हॉल’. दिवसा तिथे खंड वसूल व्हायचा, तंटे ऐकले जायचे, दुपारी तिथेच पंगत बसायची आणि रात्री बाक-टेबलं भिंतीला लावून नोकरमाणसं तिथेच पेंढ्यावर झोपायची. जेवणाच्या वेळी कोण कुठे बसतं याला फार महत्त्व होतं. एका टोकाला उंच चौथऱ्यावर मालक-मालकीण, मग मानाप्रमाणे खाली खाली. पाहुण्याला आपली पायरी बसल्या जागेवरून कळे. ताट म्हणून शिळ्या पावाचा जाड तुकडा असे. रस्सा मुरलेले ते तुकडे नंतर दाराशी जमलेल्या भिकाऱ्यांना वाटले जात.

स्वयंपाकघर आगीच्या भीतीनं सहसा वेगळं. ख्रिस्ती उपासाचे दिवस पुष्कळ, आठवड्यात दोन-तीन आणि ईस्टरच्या आधीचा लेंटचा सगळा काळ. त्या दिवसांत मांस बंद, म्हणून पिपांतून खारवलेले हेरिंग मासे, वाळवलेला कॉड आणि किल्ल्याच्या तळ्यातले ताजे मासे. पिण्याला ‘एल’ ही बार्लीची बिअर, आणि धन्याच्या टेबलावर वाइन. इंग्लंडातल्या बड्या घरांतले आचारी, वाढपी, मोतद्दार बहुतेक सगळे पुरुषच. बायका असत त्या मालकिणीच्या दासी, दाया आणि धोबिणी.

कारभार ‘स्ट्यूअर्ड’ बघायचा, म्हणजे मुख्य कारभारी. रोज रात्री हिशेब लिहिला जायचा. सायमन द माँटफोर्ट या बंडखोर सरदाराची बायको एलिनोर हिच्या घरचा १२६५ सालचा असा हिशेब टिकून राहिला आहे. नवरा राजाच्या पक्षाशी लढत होता, ती ओडियमच्या किल्ल्यातून डोव्हरच्या किल्ल्यात गेली, ऑगस्टमध्ये नवरा ईव्हशमच्या लढाईत मारला गेला, आणि पाव, मासे, घोड्यांचे ओट यांचा हिशेब चालूच राहिला. अशा कागदांमुळेच आपल्याला किल्ल्यातलं रोजचं जगणं दिसतं.

एक गोष्ट मात्र कागदांतूनच दिसते आणि चित्रांत कधी दिसत नाही. बहुतेक किल्ले बहुतेक दिवस जवळजवळ रिकामे असत. बड्या सरदाराची जमीन चार परगण्यांत विखुरलेली. धान्य एका जागी आणण्यापेक्षा माणसांनी धान्याकडे जाणं सोपं. म्हणून सगळं घर सतत फिरतीवर असायचं. गाड्यांवर पलंग, भिंतींवरचे पडदे, भांडी, देवघरातलं साहित्य लादायचं, एका किल्ल्यातला साठा संपत आला आणि शौचकूप भरले की पुढच्या किल्ल्यावर. मागे किल्लेदार, दरवान, एखादा पहारेकरी आणि एखादा पाद्री. भरती-ओहोटीसारखी ही ये-जा पायथ्याच्या गावाला चांगलीच जाणवायची. धनी आला की कोंबड्या, गवत, सरपण आणि गाड्या सक्तीनं उचलल्या जायच्या.

या सक्तीचा त्रास इतका होता की १२१५च्या मॅग्ना कार्टात, म्हणजे सरदारांनी राजा जॉनकडून घेतलेल्या सनदेत, तिच्यासाठी वेगळी कलमं आहेत. किल्लेदारानं कुणाचं धान्य रोख पैसे दिल्याशिवाय उचलू नये, मालकाच्या संमतीशिवाय घोडे-गाड्या घेऊ नयेत, किल्ल्यासाठी परस्पर लाकूड तोडू नये. मॅग्ना कार्टा म्हटलं की स्वातंत्र्याची मोठी तत्त्वं सांगितली जातात, आणि ती त्यात आहेतच. पण त्या कराराच्या पोटात किल्लेदारानं ओढून नेलेल्या धान्याच्या पोत्याची तक्रारही आहे, आणि ती मला तितकीच थोर वाटते.

शेतकऱ्याचं किल्ल्याशी नातं मुख्यतः देण्याचं. आठवड्यातले ठरावीक दिवस धन्याच्या शेतावर फुकट राबायचं, दळण धन्याच्याच गिरणीवर न्यायचं आणि गिरणीवाल्याला पिठातला वाटा द्यायचा. फ्रान्समध्ये पुष्कळ ठिकाणी पावही धन्याच्याच भट्टीत भाजावा लागे. मुलीचं लग्न करायचं तर धन्याला पैसे भरायचे. भांडण झालं तर न्याय धन्याच्याच दरबारात आणि दंडही त्याच्याच तिजोरीत. बदल्यात काय मिळायचं? बाजार भरवायला सुरक्षित जागा, किल्ल्याच्या मागणीवर जगणारे लोहार, चांभार, कासार, आणि संकट आलं तर गुरं-पोरं घेऊन आत शिरण्याची शक्यता. कितीतरी युरोपीय शहरं किल्ल्याच्या दाराशी भरणाऱ्या बाजारातून वाढली. हा फायदा खरा होता. सौदा मात्र एका बाजूनंच ठरवलेला होता.

आणि आसरा मिळेलच असंही नव्हतं. इंग्लंडातले ज्यू राजाच्या संरक्षणाखाली राहत, म्हणजे संकटात त्यांनी राजाच्या किल्ल्यात धाव घ्यायची. मार्च ११९० मध्ये यॉर्कमध्ये दंगल उसळली तेव्हा सुमारे १५० ज्यू बायका-मुलांसह किल्ल्याच्या लाकडी मनोऱ्यात गेले. बाहेर जमावानं वेढा दिला. जमावात त्यांच्याकडून कर्ज घेतलेली बडी मंडळीही होती. १६ मार्चच्या रात्री आतल्या बहुतेकांनी जमावाच्या हाती पडण्यापेक्षा आपल्या हातांनी मरण पत्करलं. उरलेले अभय मिळेल या वचनावर बाहेर आले आणि कापले गेले. आज त्या टेकाडावर जो दगडी क्लिफर्ड्स टॉवर आहे तो नंतरचा.

मालक दुबळा आणि राजा त्याहून दुबळा असला की काय होतं ते ११३५ नंतरच्या यादवीत दिसलं. स्टीफन आणि माटिल्डा यांच्यात सिंहासनासाठी भांडण, आणि जो तो सरदार किल्ला बांधतोय. पीटरबरोच्या मठातल्या भिक्षूनं लिहिलंय की त्यांनी देश किल्ल्यांनी भरून टाकला, गरिबांना बांधकामावर पिळून काढलं, आणि किल्ले बांधून झाल्यावर त्यांत सैतान आणि दुष्ट माणसं भरली. लोक उघड म्हणू लागले होते की येशू आणि त्याचे संत झोपी गेले आहेत.

पैसा आणि घाम

दगडी किल्ला फार महाग पडे. दुसऱ्या हेन्रीनं ११८०च्या दशकात डोव्हरवर सुमारे साडेसहा हजार पाउंड घातले. इंग्लंडचा राजा, सिंहहृदयी म्हणवणाऱ्या रिचर्डनं नॉर्मंडीत सीन नदीच्या वळणावर शातो गायार हा किल्ला ११९६ ते ११९८ या अवघ्या दोन वर्षांत उभा केला, खर्च साडेअकरा हजार पाउंडांच्या आसपास. पण पैशाचा आणि माणसांचा सगळ्यात सविस्तर हिशेब मिळतो तो वेल्समध्ये.

पहिल्या एडवर्डनं १२८३ मध्ये वेल्स पूर्ण जिंकलं आणि उत्तर किनाऱ्यावर किल्ल्यांचं कडं घातलं: कॉन्वी, कर्नार्व्हन, हार्लेख, शेवटी ब्युमॅरिस. मुख्य स्थपती सॅव्हॉयहून आलेला जेम्स ऑफ सेंट जॉर्ज. खणणारे आणि सुतार इंग्लंडच्या दूरदूरच्या परगण्यांतून सक्तीनं आणले. एका तुकडीबरोबर तर वाटेत कुणी पळू नये म्हणून घोडेस्वार पाठवले होते.

जागाही विचार करून निवडलेल्या. कॉन्वीला वेल्श राजा थोरला लुएलिन याचं दफन जिथे झालं होतं तो मठ होता. एडवर्डनं भिक्षूंना दुसरीकडे हलवलं आणि त्याच जागी किल्ला आणि तटबंद शहर बसवलं. शहरात वस्ती इंग्रजांची, हक्क आणि बाजार त्यांचे. ब्युमॅरिससाठी लानव्हाइस हे चालतं वेल्श बंदर उठवलं आणि तिथली माणसं बाराएक मैलांवर नव्या गावात नेऊन टाकली. त्या गावाचं नावच न्यूबरो पडलं.

ब्युमॅरिसचं काम १२९५ मध्ये सुरू झालं. पुढच्या फेब्रुवारीत जेम्सनं लंडनला खजिन्याच्या अधिकाऱ्यांना लिहिलेलं पत्र टिकून आहे आणि ते वाचताना सातशे वर्षांचं अंतर नाहीसं होतं. आठवड्याला इतका पैसा जातो कुठे असा प्रश्न तुम्हाला पडेल, असं म्हणून तो यादी देतो: ४०० गवंडी, २००० मजूर, खाणीत २०० माणसं, ३० लोहार, शिवाय सुतार; १०० छोट्या आणि ६० मोठ्या गाड्या; दगड आणि कोळसा आणणाऱ्या ३० होड्या. निदान अडीचशे पाउंड आठवड्याला हवेत. मजुरांचे पैसे थकलेत, त्यांच्याकडे खायला काही नाही, त्यांना धरून ठेवणं कठीण झालंय. पत्र संपल्यावर खाली पुन्हा एक ओळ जोडलीय: देवासाठी पैसे लवकर पाठवा, नाहीतर झालेलं सगळं काम वाया जाईल. पैसे पुरेसे आले नाहीत. एडवर्डचं लक्ष स्कॉटलंडच्या लढाईकडे गेलं आणि ब्युमॅरिस कधीच पुरा झाला नाही. आजही त्याचे बुरूज ठरलेल्या उंचीपर्यंत पोचलेले नाहीत.

हे काम प्रत्यक्ष कसं चालत असेल ते पाहायचं असेल तर फ्रान्समध्ये बर्गंडीत गेदलाँ इथे जावं. १९९७ पासून तिथे तेराव्या शतकाच्या पद्धतीनं नवा किल्ला बांधला जातोय. इंजिन नाही, वीज नाही. मोठ्या लाकडी चाकाच्या आत माणूस पावलं टाकत चालतो, चाक फिरतं, दोर गुंडाळला जातो आणि दगड वर चढतो. लोहाराला बसायला फुरसत नसते, कारण गवंड्यांच्या छिन्न्या सारख्या बोथट होतात. चुना, दोर, टोपल्या, कौलं, सगळं जवळपासच करायचं. एका बुरुजाला वर्षं लागतात. ते पाहिल्यावर जेम्सनं अडीच हजारांवर माणसं का मागितली ते कळतं.

वेढा पडला की

एवढं बांधून ठेवल्यावर तो राखायला किती माणसं लागत? आश्चर्य वाटेल इतकी थोडी. १२९४ च्या वेल्श बंडात हार्लेख सदतीस माणसांनी राखला. १४०४ मध्ये वेल्श बंडाचा पुढारी ओवेन ग्लिंडूर याच्या फौजेसमोर कर्नार्व्हनसारखा प्रचंड किल्ला अठ्ठावीस जणांनी टिकवला. तट जितका शहाणपणानं बांधलेला तितकी शिबंदी कमी लागते. दगडावर ओतलेल्या पैशाचा हा परतावा. हार्लेखला समुद्राकडून रसद येत होती, हेही तितकंच महत्त्वाचं.

सिनेमात तटावरून उकळतं तेल ओतलेलं दाखवतात. तेल फार महाग होतं. दगड, उकळतं पाणी आणि तापलेली वाळू हाताशी असताना ते कोण वाया घालवेल? चक्राकार जिने उजव्या हाताच्या लढवय्याच्या सोयीनंच वळवलेले असतात, हेही असंच पसरलेलं मत. उलट्या वळणाचे जिने पुष्कळ किल्ल्यांत आहेत. किल्ला पडायचा तो बहुधा भुकेनं, फितुरीनं, नाहीतर वाटाघाटीनं.

आणि कधीकधी सुरुंगानं. १२१५ च्या शरदात बंडखोर सरदारांनी रॉचेस्टरचा किल्ला धरला आणि राजा जॉननं वेढा घातला. दगड फेकणाऱ्या यंत्रांनी काम भागेना. मग कामगारांनी बालेकिल्ल्याच्या आग्नेय कोपऱ्याच्या पायाखाली भुयार खणलं आणि ते लाकडी खांबांवर तोलून धरलं. २५ नोव्हेंबरला जॉननं हुकूम पाठवला: रात्रंदिवस घाई करून चाळीस डुकरं पाठवा, चांगली चरबीची, पण खायला फारशी बरी नसतील अशी. त्या चरबीनं भुयारातले खांब पेटवले. खांब जळाले, कोपरा ढासळला. तरीही आतले लोक बालेकिल्ल्याच्या मधल्या भिंतीमागे सरकून लढत राहिले. घोडे खाऊन संपवले होते. ३० नोव्हेंबरला भुकेनं शरण आले. पुढे तो कोपरा पुन्हा बांधला. आज पाहाल तर तीन कोपरे चौकोनी आणि एक गोल आहे. गोल बुरुजाला कोपराच नसतो, त्यामुळे असं पोखरून पाडणं अवघड जातं.

पुढच्या दोन वर्षांत याच लढाईत लिंकनचा किल्ला एका बाईनं राखला. निकोला द ला हे ही वारशानं तिथली किल्लेदार. वय साठीच्या पुढे. राजा जॉन आला तेव्हा तिनं किल्ल्याच्या चाव्या पुढे करून म्हटलं होतं की आता वय झालं, हे ओझं काढून घ्या. जॉननं चाव्या तिच्याकडेच ठेवल्या आणि मरणाच्या काही तास आधी तिला त्या परगण्याची शेरीफ, म्हणजे राजाची मुख्य अधिकारी, म्हणूनही नेमलं. १२१७ मध्ये फ्रेंच आणि बंडखोर फौजेनं शहर घेतलं, पण किल्ला तिनं २० मेपर्यंत, मदत पोचेपर्यंत, सोडला नाही. सरदारांच्या बायका नवऱ्याच्या माघारी किल्ल्याचा कारभार आणि प्रसंगी शिबंदी सांभाळत, याची उदाहरणं बरीच आहेत. स्वतःच्या हक्कानं एवढा अधिकार चालवणारी निकोला मात्र विरळाच.

वेढ्याची सर्वांत वाईट किंमत गावकरी मोजत. १२०३ मध्ये फ्रान्सच्या फिलिप ऑगस्टसनं शातो गायारला वेढा घातला तेव्हा पायथ्याच्या आंदली गावातले लोक जीव वाचवायला किल्ल्यात शिरले. साठा पुरेना म्हणून किल्लेदार रॉजर द लेसी यानं त्यांना गटागटानं बाहेर काढलं. सुरुवातीच्या गटांना फ्रेंचांनी जाऊ दिलं. नंतर फिलिपनं मनाई केली. शेकडो बायका, मुलं आणि म्हातारे तट आणि फ्रेंच छावणी यांच्यामधल्या उतारावर अडकले. किल्ल्याचं दार बंद, समोरून बाण. हिवाळा त्यांनी गवत खाऊन काढला, बरेच मेले. बऱ्याच दिवसांनी फिलिपनं त्यांना अन्न देऊन जाऊ दिलं. किल्ला मार्च १२०४ मध्ये पडला आणि त्याबरोबर नॉर्मंडी इंग्लंडच्या राजाच्या हातून गेली. हे लोक ज्यांच्या आसऱ्याला धावले त्यांच्याच हिशेबात ती ‘निरुपयोगी तोंडं’ ठरली होती.

तोफा आल्या तेव्हा उंच, ताठ भिंतींचे दिवस भरले. १४६४ मध्ये इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावरचा बँबरोचा किल्ला तोफांच्या माऱ्यानं पडला. त्यानंतर संरक्षणासाठी बुटक्या, जाड, कोन काढलेल्या तटांची नवी बांधणी इटलीत सुरू झाली. वसईच्या किल्ल्याचे पुढे आलेले टोकदार बुरूज हे याच बांधणीचे, पोर्तुगीजांबरोबर आपल्या किनाऱ्यावर आलेले. त्यात सरदाराचं घर नव्हतं. घर आणि ठाणं यांची फारकत झाली होती. श्रीमंतांनी मोठ्या खिडक्यांचे वाडे बांधले. सतराव्या शतकातल्या इंग्लिश यादवीनंतर पार्लमेंटनं कॉर्फसारखे कितीतरी किल्ले सुरुंग लावून मुद्दाम निकामी केले.

पण कोर्ट आणि कोठडी ही किल्ल्याची कामं तोफांनी संपली नाहीत. लँकेस्टरच्या किल्ल्यात शतकानुशतकं कैदी ठेवले आणि खटले चालले. १६१२ साली पेंडल टेकडीच्या परिसरातल्या गरीब बायका-पुरुषांवर चेटकाचा खटला तिथेच भरला आणि त्यातल्या बहुतेकांना फासावर लटकवलं. त्या किल्ल्यातला तुरुंग २०११ पर्यंत चालू होता.